घरचा ऑक्सिजन: टेंडर मशीनचं काढायचं की महिन्याचं?

गिरणाकाठ (धागाकर्ता) | रविवार, रात्री ९:४०

नमस्कार मंडळी. लिहिणं लांबणार आहे, पण तीन महिने डोक्यात हेच चालू आहे.

माझे वडील बत्तीस वर्षं जिनिंगमध्ये होते. दिवसभर रुईची धूळ आणि घरी आल्यावर चुलीचा धूर. मागच्या पावसाळ्यात दम इतका वाढला की दवाखान्यात ठेवावं लागलं. महात्मा फुले जनआरोग्य योजनेतून सगळं झालं, एक रुपया लागला नाही. आरोग्यमित्रानं तर रेशनकार्डातली नावाची चूकसुद्धा स्वतः धावपळ करून दुरुस्त करून दिली. हे आधीच सांगतो, म्हणजे पुढचं वाचून कोणाला मी योजनेवर राग काढतोय असं वाटायला नको.

सुटी देताना डॉक्टरांनी बाजूला घेऊन सांगितलं, "बसल्या जागी बोटावरचं ऑक्सिजनचं रीडिंग ८६ आहे. घरी दिवसाला किमान १५ तास ऑक्सिजन लागेल, बहुतेक कायमचा." योजना तिथंच थांबते. सुटीनंतर १० दिवसांपर्यंतची फेरतपासणी आणि औषधं तिच्यात धरलेली आहेत, घरी लागणारं मशीन धरलेलं नाही.

जळगावहून कॉन्सन्ट्रेटर, म्हणजे हवेतूनच ऑक्सिजन काढणारं मशीन, भाड्यानं आणला. महिना साडेचार हजार, अनामत दहा हजार. मशीन ३५० वॉटचं, रोज सोळा तास म्हणजे महिन्याला १७० युनिटच्या आसपास वीज. लाईट गेली तर काय, म्हणून लहान सिलिंडरही ठेवला. त्यात १५०० लिटर असतात, मिनिटाला २ लिटरनं साडेबारा तास. मोठा जम्बो ७००० लिटरचा, तो अडीच दिवसही पुरत नाही. नुसत्या सिलिंडरवर माणूस घरी ठेवणं आमच्यासारख्याच्या आवाक्यातलं काम नाही.

आता ज्यासाठी धागा काढला ते. दिवाळीआधी एका सरकारी दवाखान्यात कामानिमित्त गेलो होतो. नाव लिहीत नाही, तिथली माणसं भली आहेत. स्टोअरचं दार उघडं होतं. आत भिंतीला लागून चार कॉन्सन्ट्रेटर, दोघांवरचं प्लास्टिकही निघालेलं नाही. २०२१ चे. त्या एप्रिलमध्ये केंद्रानं पीएम केअर्समधून एक लाख कॉन्सन्ट्रेटर घ्यायचं ठरवलं होतं, शिवाय देणगीतून आले, आमदार निधीतून आले. हे चार कुठल्या वाटेनं आले ते तिथं कोणालाच सांगता येईना. मी विचारलं, एखादं घरी वापरायला मिळेल का? फार्मासिस्टताई म्हणाल्या, "दादा, द्यायची तरतूद नाही. आणि दिलं तरी चालेल याची खात्री नाही. चार वर्षांत कोणी उघडून बघितलेलं नाही."

त्या दिवसापासून मला एकच प्रश्न पडलाय. टेंडर निघालं ते खोक्याचं. खोकं आलं, पोच झाली, बिल निघालं, टेंडर संपलं. माझ्या वडिलांना खोकं नको आहे. त्यांना रात्री दोन वाजता चालू असलेलं मशीन पाहिजे. मग योजनेनं बोली मागवायची ती "चालत्या महिन्याची" का मागवू नये? अमुक रुग्णाच्या घरी महिनाभर ऑक्सिजन चालू ठेवण्याचे किती घ्याल, असं सरळ विचारायचं. मशीन पुरवठादाराचं, दुरुस्ती त्याची, बंद पडलं तर बदलून देणं त्याचं.

एक गोष्ट इथल्या लोकांना आठवत असेल. राजीव गांधी जीवनदायी योजना (आजच्या फुले योजनेचं जुनं नाव) २ जुलै २०१२ ला पहिल्यांदा आठ जिल्ह्यांत सुरू झाली, त्यात आपला धुळे जिल्हा होता. राज्यभर गेली ती २०१३ च्या नोव्हेंबरात. म्हणजे नवी गोष्ट आधी खान्देशात करून बघता येते, हे झालेलं आहे. घरच्या ऑक्सिजनचा प्रयोग इथंच का होऊ नये?

जाणकारांनी लिहावं. मला अर्ज करायचा आहे आणि तो कच्चा नको.

---

अमळनेरकर | रविवार, रात्री १०:१५

गिरणाकाठ भाऊ, वडिलांना सांभाळा. आमच्या मावशींचं असंच झालं होतं, दोन वर्षांत शेतीचा एक तुकडा गेला. धागा वर ठेवतो.

---

पाटणादेवी | सोमवार, पहाटे ४:५०

मी मूळचा चाळीसगावचा, गेली चौदा वर्षं अमेरिकेत, ओहायोत क्लीव्हलँडजवळ. घरपोच वैद्यकीय साहित्य देणाऱ्या दुकानात बिलिंगचं काम करतो, म्हणून हा धागा झोप बाजूला ठेवून वाचला. तुम्ही "चालता महिना" म्हणता, ते इथं आहे. ते कसं बिघडलं तेही मी जवळून पाहिलंय. दोन्ही सांगतो.

६५ वर्षांवरच्यांसाठी इथं मेडिकेअर हा सरकारी विमा आहे. घरच्या ऑक्सिजनला तो महिन्याचं भाडं देतो. ३६ महिने भाडं मिळतं, त्यानंतर भाडं थांबतं, पण पुरवठादारानं पाच वर्षं पूर्ण होईपर्यंत सेवा द्यायचीच. मशीन त्याचंच राहतं. भाड्याचा २० टक्के हिस्सा रुग्णाकडून.

हे भाडं पूर्वी सरकारनं ठरवलेल्या दरपत्रकानुसार असे, आणि त्या दरपत्रकाचा पाया १९८६-८७ साली दुकानदार जे आकारत होते तो. २००६ मध्ये सरकारच्याच तपासणी विभागानं हिशेब मांडला: कॉन्सन्ट्रेटरची सरासरी खरेदी किंमत ५८७ डॉलर, आणि ३६ महिन्यांत मेडिकेअर मंजूर करतं ७,२१५ डॉलर. लोक चिडणारच.

बोलीचा कायदा त्याआधीच, २००३ मध्ये झाला होता. १ जुलै २००८ ला दहा भागांत सुरुवात झाली, आमचं क्लीव्हलँड त्यात होतं. दोन आठवड्यांत संसदेनं नवा कायदा करून ते थांबवलं. पुन्हा बोली मागवून १ जानेवारी २०११ ला नऊ भागांत, आणि १ जुलै २०१३ ला आणखी शंभर भागांत. दर धाडकन खाली आले. पहिल्या फेरीत सरासरी ३२ टक्के, दुसरीत ४५ टक्के, आणि टपालानं येणाऱ्या, मधुमेहात साखर तपासायच्या पट्ट्यांचे तर ७२ टक्के. ऑक्सिजनचं महिन्याचं भाडं १७३ डॉलरच्या आसपास होतं, ते दुसऱ्या फेरीत शंभराच्या खाली गेलं.

इथपर्यंत छान वाटतं. पण दर कसा काढला ते बघा. समजा जळगावात पाच पुरवठादार आहेत आणि पाचही लागतील इतके रुग्ण आहेत. महिन्याच्या बोली आल्या २०००, २२००, २६००, ३०००, ३४००. तुमच्या-माझ्या समजुतीनं एकतर ज्याची जी बोली ती त्याला मिळावी, किंवा शेवटच्या जिंकलेल्याचा ३४०० हा सगळ्यांचा दर व्हावा. मेडिकेअरनं मधली बोली घेतली. सगळ्यांना २६००. ज्यानं पोट खपाटीला लावून ३००० सांगितले, त्याला म्हणायचं की तू जिंकलास, आता २६०० त कर.

त्याहून मोठी गोची म्हणजे बोली बंधनकारक नव्हती. जिंकल्यावर दर बघून "नको" म्हणायची मुभा. मग काही लोकांनी मुद्दाम खालचा आकडा टाकला. दर चांगला लागला तर करार घ्यायचा, नाही तर सोडून द्यायचा. त्यांच्या खोट्या आकड्यानं मधली बोली आणखी खाली ओढली गेली, आणि खरा हिशेब मांडणारे त्यात दबले.

मेरीलँड विद्यापीठाचे पीटर क्रॅम्टन हे लिलावांवर काम करणारे अर्थतज्ज्ञ. त्यांनी पुढाकार घेतला आणि २०११ मध्ये २४४ जाणकारांच्या सहीचं पत्र राष्ट्राध्यक्ष ओबामांना गेलं, सह्यांत नोबेल मिळालेलेही होते. बोली नको असं त्यांचं म्हणणं नव्हतं. बोली हवीच, पण नियम असे हवेत की खरा खर्च सांगणाऱ्याचं नुकसान होणार नाही. कॅलटेक विद्यापीठात चार्ल्स प्लॉट आणि सहकाऱ्यांनी प्रयोगशाळेत हाच लिलाव खेळवून पाहिला, २०१२ मध्ये तो छापून आला. निष्कर्ष तोच.

बदलायला किती वर्षं लागली बघा. २०२१ च्या फेरीसाठी नियम केला: दर सर्वांत वरच्या जिंकलेल्या बोलीचा, आणि प्रत्येक भागासाठी ५०,००० डॉलरचा जामीन. पण त्या फेरीत फक्त कंबर आणि गुडघ्याला आधार देणाऱ्या पट्ट्यांचे करार झाले. ऑक्सिजनसह तेरा प्रकारांत अपेक्षित बचत होत नाही म्हणून करार दिलेच नाहीत.

भाऊ, अर्जात "बोली बंधनकारक" आणि "मधला दर नको" हे दोन शब्द विसरू नका.

---

गिरणाकाठ | सोमवार, सकाळी ८:०५

पाटणादेवी दादा, फार उपकार. ५८७ आणि ७,२१५ वाचून मी माझा हिशेब केला. साडेचार हजार गुणिले ३६ म्हणजे १,६२,०००. तसलं नवं मशीन आज जळगावात पन्नास हजारांच्या आत येतं. म्हणजे आमच्याकडून तिप्पट चाललंय.

---

दुकान_नवी_पेठ | सोमवार, दुपारी १:३०

मी जळगावात याच धंद्यात आहे. तुमचं मशीन माझ्याकडचं असेल किंवा नसेल, पण "तिप्पट" या शब्दावर उत्तर दिल्याशिवाय राहवेना.

मशीनच्या पोटात झिओलाइटचे दाणे असतात. हवेतला नायट्रोजन ते धरतात, ऑक्सिजन पुढे जातो. ९३ टक्क्यांच्या आसपास शुद्धता निघाली की मशीन ठीक. आपल्याकडच्या धुळीत फिल्टर आठवड्यात भरतो. लोक धूत नाहीत, कॉम्प्रेसर तापतो. व्होल्टेज रात्री २५० च्या वर आणि संध्याकाळी १७० वर. बोर्ड जळतो. मग माझा पोरगा मोटरसायकलवर दुसरं मशीन बांधून पारोळ्याला, यावलला, कधी पार शिंदखेड्याला जातो. पेट्रोल, पोरगा, राखीव मशीन, आणि दर दहातलं एक मशीन असं परत येतं की ते पुन्हा भाड्यानं देता येत नाही. काही लोक माणूस गेल्यावर दोन महिने फोन उचलत नाहीत. त्यांच्यावर ओरडताही येत नाही.

टेंडरचं माझं मत सांगतो. एकदा भरलं होतं. बयाणा रक्कम, तीन वर्षांची उलाढाल, उत्पादकाचं अधिकारपत्र, सगळं जमवलं. सर्वांत कमी दरवाला बाहेरच्या राज्यातला निघाला, माझ्या खरेदीपेक्षाही खाली. त्यानं माल टाकला आणि गेला. सहा महिन्यांनी त्याच दवाखान्यातून मला फोन, "बघून जाता का?" सुटे भाग माझ्याकडे नाहीत, कंपनीशी माझा करार नाही. काय बघू? लघुउद्योगांना बयाण्याची माफी आहे, केंद्राच्या २०१२ च्या धोरणात सर्वांत कमी दरापेक्षा १५ टक्के वर असले तरी तो दर जुळवायची संधी आहे, पण ती माल बनवणाऱ्याला आणि सेवा देणाऱ्याला. आम्ही व्यापारी, आम्हाला नाही.

म्हणून गिरणाकाठ यांची कल्पना मला पटते, माझा दर कमी होईल हे माहीत असूनही. सेवेची बोली असेल तर मी सेवा देणारा ठरेन, आणि पारोळ्याला रात्री पोहोचायचं असेल तर बाहेरचा माणूस माझ्यापुढे टिकणार नाही. केंद्राच्या अर्थ खात्यानं २०२१ च्या ऑक्टोबरात सूचना काढल्या, त्यात सेवांच्या खरेदीत गुणवत्तेला ३० टक्क्यांपर्यंत वजन देण्याची वाट आहे. वस्तूला तसं नाही.

एकच अट: पैसे वेळेवर द्या. साठ रुग्णांचं भाडं सहा महिने अडकलं तर माझ्यासारखा बसतोच. मग मोठी कंपनी येते, जी थांबू शकते, आणि तिला पारोळा कुठे आहे ते माहीत नसतं.

---

कानबाई | सोमवार, दुपारी ३:१०

अहिराणीमा लिखस, समजी ल्या. मना सासराले बी हाऊच तरास व्हता. आठे लाईट जास, मशीन बंद पडस, सिलिंडर आनाले घरमा मानूस नही. रातले दोन वाजता कोनले फोन करवा? दुकान बंद, दवाखाना दूर. तुम्ही टेंडर लिखशात तं रातना फोन उचलनारा मानूस पहिले लिखा. बाकी बठ्ठं नंतर.

---

गिरणाकाठ | सोमवार, दुपारी ३:४०

कानबाई ताई, हे अर्जात जसंच्या तसं घेतो. नवी पेठवाले दादा, "तिप्पट" मागे घेतो. रागात लिहिलं होतं.

---

मल्टीमीटर | सोमवार, रात्री ९:००

मी बायोमेडिकल इंजिनिअर, नाशिक-धुळे पट्ट्यात काम करतो. गिरणाकाठ यांच्या मागणीला "हे परदेशातलं" म्हणून बाजूला सारलं जाईल, म्हणून आपल्याकडचे दोन दाखले देतो.

पहिला. केंद्रानं राज्याराज्यांतून सरकारी दवाखान्यांतल्या यंत्रांची मोजणी केली तेव्हा १३ ते ३४ टक्के यंत्रं बंद सापडली होती. त्यावर २०१५ मध्ये देखभालीचा राष्ट्रीय कार्यक्रम आला. एका राज्यातल्या सगळ्या यंत्रांची देखभाल एका संस्थेला बोलीनं द्यायची, आणि अट यंत्र चालू राहण्याच्या वेळेची: जिल्हा रुग्णालयात ९५ टक्के, ग्रामीण रुग्णालयाच्या पातळीवर ९०, प्राथमिक आरोग्य केंद्रात ८०. त्याखाली गेलं की दंड. म्हणजे चालता वेळ विकत घेण्याची पद्धत आपल्या सरकारी कागदात दहा वर्षं आहे. घराचा उंबरठा तिनं ओलांडलेला नाही, एवढंच.

दुसरा दाखला डायलिसिसचा. २०१६ च्या राष्ट्रीय डायलिसिस कार्यक्रमात खासगी भागीदार मशीन, पाण्याचा प्लांट आणि तंत्रज्ञ आणतो, सरकार दर फेरीचे पैसे देतं. बोली फेरीची. २०१९ मध्ये घरी करायच्या पोटाच्या डायलिसिससाठीही मार्गदर्शक सूचना निघाल्या. उंबरठा ओलांडायला सुरुवात तिथं झाली आहे.

स्टोअरमधल्या त्या चार मशीनबद्दल मात्र वाईट वाटतं. झिओलाइट ओलावा धरतं. मशीन महिनोन्‌महिने बंद पडून राहिलं की दाणे निकामी होतात, आणि वरून मशीन कोरं करकरीत दिसतं. दिवा हिरवा लागेल, नळीतून हवा येईल, पण ऑक्सिजन ६० टक्के असू शकतो. कोणी दया करून ते तुम्हाला दिलं असतं तर वडिलांना धोका होता. असं मशीन घरी न्यायच्या आधी शुद्धता मोजणारं यंत्र लावून घ्या. पाच मिनिटांचं काम आहे.

बोलीत आणखी एक कलम घाला: दर तीन महिन्यांनी घरी येऊन शुद्धता मोजायची आणि आकडा रुग्णाच्या वहीत लिहायचा, सहीसकट. ते लिहिलेलं नसेल तर त्या तिमाहीचं बिल थांबवायचं. कागदावरची सेवा पकडण्याचा दुसरा उपाय मला माहीत नाही.

---

बाजारभाव | मंगळवार, सकाळी ७:२०

वेगळं मत मांडतो, राग नसावा. टेंडर म्हटलं की ठेकेदार आला. त्यापेक्षा पैसे सरळ रुग्णाच्या खात्यात टाका. मुख्यमंत्री वयोश्री योजनेत २०२४ पासून ६५ वर्षांवरच्या गरीब माणसाला साहित्यासाठी ३००० रुपये थेट खात्यात मिळतात. कमोड खुर्ची, काठी, चष्मा, ज्याला जे लागेल ते तो घेतो. आणि भाव जास्त वाटत असतील तर वरून मर्यादा घाला. २०१७ च्या फेब्रुवारीत हृदयाच्या औषधी स्टेंटचा भाव २९,६०० वर बांधला, त्यासाठी कोणालाही बोली लावावी लागली नाही. कॉन्सन्ट्रेटरवरही २०२१ मध्ये ७० टक्के नफ्याची मर्यादा आलीच होती.

---

शिरपूरची_लेक | मंगळवार, सकाळी ११:४५

मी शिरपूरची, नर्स आहे, सध्या जर्मनीत स्टुटगार्टजवळ वृद्धांच्या घरात काम करते. बाजारभाव यांना टेंडरची भीती वाटते ती अनाठायी नाही, इथं ती खरी झालेली आहे.

इथल्या सार्वजनिक विमा संस्थांना २००७ च्या कायद्यानं साहित्यासाठी निविदा काढायला लावलं. सर्वांत जास्त हाल झाले ते लघवीवर ताबा नसलेल्यांचे. डायपर आले, स्वस्त आले, गळायला लागले. ज्यांच्याकडे पैसे होते त्यांनी वरची रक्कम खिशातून भरून चांगले घेतले. ज्यांच्याकडे नव्हते त्यांची कातडी सोलली गेली. माझ्याबरोबरच्या जुन्या नर्सेस अजून त्या दिवसांबद्दल बोलताना चिडतात. रात्री चार-चार वेळा चादरी बदलल्यात त्यांनी. २०१७ मध्ये गुणवत्तेला वजन द्या असा कायदा झाला. तेवढ्यानं भागलं नाही, आणि मे २०१९ मध्ये या साहित्याच्या निविदा कायद्यानंच बंद केल्या. आता विमा संस्था आणि पुरवठादार वाटाघाटीनं करार करतात.

पण खात्यात पैसे हेही माझ्या मते ऑक्सिजनला चालणार नाही. काठी एकदा घेतली की झालं. ऑक्सिजनचं मशीन बिघडतं तेव्हा हातात पैसे असून उपयोग काय? आमच्या गावाकडे आई एकटी असते. तिनं खात्यातले पैसे घेऊन कोणत्या दुकानदाराशी भांडायचं? तिच्या बाजूनं कोणीतरी करार केलेला असायला हवा.

जर्मनीत डायपर निवडताना वापरणाऱ्या माणसाला आणि त्याला बदलणाऱ्या नर्सला कोणी विचारलं नव्हतं. तुमच्या बोलीच्या समितीत एक जण असा घ्या ज्याच्या घरी मशीन आहे.

---

बाजारभाव | मंगळवार, दुपारी १२:३०

ताई, काठीचं आणि मशीनचं तुम्ही म्हणता ते पटलं. मर्यादेबद्दल माझं मत कायम आहे. बोलीला वरची मर्यादा असू द्या, नाहीतर सगळे पुरवठादार मिळून एकच आकडा टाकतील. आपल्याकडे हे होतं, सगळ्यांना माहीत आहे.

---

अस्तंबा | मंगळवार, रात्री ११:१०

नंदुरबारच्या डोंगराळ भागात वैद्यकीय अधिकारी आहे. आज रेंज आली म्हणून लिहितो.

आमच्या जिल्ह्यानं ऑक्सिजनच्या बाबतीत देशाला एक गोष्ट दाखवली आहे. सप्टेंबर २०२० मध्ये, कोरोनाच्या पहिल्या लाटेतच, तेव्हाचे जिल्हाधिकारी डॉ. राजेंद्र भारुड यांनी हवेतून ऑक्सिजन काढणारा पहिला प्लांट बसवला. साक्री तालुक्यातल्या सामोड्याचे, भिल्ल कुटुंबातले, स्वतः एमबीबीएस. दुसरी लाट आली तेव्हा मोठी शहरं टँकरची वाट बघत होती आणि आमच्याकडे स्वतःचा ऑक्सिजन होता. पण तो दवाखान्यापर्यंत. धडगाव, मोलगीकडच्या पाड्यावर तो कोण नेणार?

माझ्याकडे येणाऱ्या बायका चुलीच्या धुरानं छाती गमावलेल्या असतात. बिडी एकीनंही ओढलेली नसते. त्यांना १५ तास ऑक्सिजन हवा हे मला कळतं आणि चिठ्ठीवर मी ते लिहीत नाही, कारण लिहून काय करू? पाड्यावर वीज दिवसातून किती तास असते ते तिलाही माहीत आणि मलाही. मग मी इनहेलर देतो, धुरापासून लांब बसायला सांगतो. ती मान हलवते. स्वयंपाक कोण करणार?

पाटणादेवी यांना विचारायचं आहे. तिकडे दूरच्या खेड्यांचं काय केलं? जळगाव शहरातल्या बोलीचा दर आमच्या इथं लावला तर एकही पुरवठादार घाट चढणार नाही.

---

पाटणादेवी | बुधवार, पहाटे ५:३०

डॉक्टरसाहेब, नेमकी हीच चूक इथं झाली, आणि मी लिहायचं विसरलो.

बोली झाल्या शहरी भागांत. २०१६ मध्ये त्या दरांवरून काढलेले दर जिथं बोली झालीच नव्हती तिथंही लावले, खेड्यांसकट. जानेवारीत निम्मे जुने निम्मे नवे, जुलैपासून पूर्ण नवे. ज्या दुकानाला एका रुग्णासाठी पन्नास मैल गाडी न्यावी लागते त्याला क्लीव्हलँडच्या गल्लीतला दर कसा परवडावा? ओरड झाली. त्याच वर्षाअखेरीस संसदेनं निम्म्या-निम्म्या दराची सवलत मागल्या तारखेपासून वाढवली, आणि १ जून २०१८ पासून मेडिकेअरनं ग्रामीण भागाला पुन्हा निम्मे जुने निम्मे नवे असा वरचा दर दिला. मधल्या दोन वर्षांत जी दुकानं बंद झाली ती काही उघडली नाहीत. आमच्याकडे त्या काळात एक आजोबा सव्वा तास गाडी चालवून नळ्या घ्यायला यायचे, कारण त्यांच्या गावातलं दुकान गेलं होतं. गाडीत स्वतःचा छोटा सिलिंडर लावून यायचे.

धडगावची बोली धडगावचीच घ्या. नाहीतर घेऊ नका.

---

दुकान_नवी_पेठ | बुधवार, सकाळी १०:००

डॉक्टरसाहेब, सौरवर चालणारी व्यवस्था केली तर पाड्यावर जमेल का याचा विचार करतोय. ३५० वॉट रात्रभर म्हणजे बॅटरीचाच खर्च मशीनएवढा. पण तो बोलीत दिसू द्या. लपवलेला खर्च शेवटी बंद मशीन होऊन बाहेर येतो.

---

गिरणाकाठ | बुधवार, रात्री १०:२०

सगळ्यांचं वाचून अर्जाचा मसुदा तयार केला. योजना चालवणारी राज्य आरोग्य हमी सोसायटी आणि तिन्ही जिल्हा शल्यचिकित्सक यांना द्यायचा आहे. मुख्य मागणी एकच: योजनेतून सुटी मिळालेल्या आणि घरी ऑक्सिजन लागणाऱ्या रुग्णांसाठी खान्देशच्या तीन जिल्ह्यांत चालत्या महिन्याची बोली मागवावी.

कानबाई ताईंचा रात्रीचा फोन पहिलं कलम केलं आहे. फोन उचलायचा, आणि ठरलेल्या तासांत दुसरं मशीन किंवा भरलेला सिलिंडर दारात. त्यापाठोपाठ शुद्धतेची वही आणि तिच्यावर अडलेलं बिल. बोली बंधनकारक, वरची मर्यादा आधीच जाहीर, दर शेवटच्या जिंकलेल्या बोलीचा. एका पुरवठादारावर जिल्हा सोपवायचा नाही, किमान तीन हवेत, म्हणजे एक बसला तरी रुग्ण उघडा पडणार नाही. पुरवठादाराचे पैसे ३० दिवसांत, उशीर झाला तर व्याज. सातपुड्यातल्या तालुक्यांची बोली वेगळी, वीज आणि बॅटरीचा खर्च धरून. समितीत रुग्णाच्या घरचा एक माणूस.

वीजबिलाचं मी लिहिलं नव्हतं, बायकोनं आठवण केली. १७० युनिटांचा भार गरीब घरावर पडला की लोक मशीन बंद ठेवतात. आमच्या शेजारच्या गल्लीत एक आजी पाहुणे आले की मशीन लावते, एरवी बंद. ते कलमही घातलं.

एक अडचण आहे. साहेब पहिला प्रश्न विचारतील, असे रुग्ण किती? माझ्याकडे उत्तर नाही.

---

अस्तंबा | गुरुवार, सकाळी ६:४०

ती यादी कोणाकडेच तयार नसते, कारण ज्याला द्यायला काही नाही त्याची नोंद होत नाही. मी माझ्या ओपीडीतल्या रजिस्टरमधून काढायला लागलोय. नावं वगळून वय, गाव, बोटावरचं रीडिंग, घरी वीज आहे की नाही, एवढंच. रीडिंग बसल्या जागी, पाच मिनिटं शांत बसवून, दोन वेगवेगळ्या दिवशी घेतलेलं असावं. ८८ किंवा खाली आलं तर धरायचं. हात गार असेल, नखाला मेंदी किंवा रंग असेल तर बोट पुसून किंवा बदलून पुन्हा. नाहीतर पहिल्याच बैठकीत आकडे खोडून काढतील. सिकलसेलचे रुग्ण वेगळे दाखवा, त्यांच्यात या यंत्राचं रीडिंग फसवतं.

आणखी दोन सहकाऱ्यांना विचारलंय, एक शहाद्याकडचे, एक साक्रीकडचे.

---

कानबाई | गुरुवार, सकाळी ९:१५

आमना गावमा चार घर शेतस. मी आशाताईले संगे लयीसन जास आज.

---

गिरणाकाठ | गुरुवार, रात्री ९:३०

कानबाई ताईंच्या गावचे चार, अमळनेरकरांनी सात कळवले, नवी पेठवाल्या दादांनी त्यांच्या भाड्याच्या वहीतून तालुकावार नुसते आकडे दिले: ४१. डॉक्टरसाहेबांची यादी आली की जोडतो. पुढच्या सोमवारी जळगावला जिल्हा रुग्णालयात अर्ज द्यायला जातोय, सकाळी अकराला. ज्यांना यायचं आहे त्यांनी नवीन बसस्टँडवर साडेदहाला भेटा. वडिलांजवळ धाकटा भाऊ थांबणार आहे, आणि सिलिंडर आजच भरून ठेवलाय.